विश्लेषण : जुन्या मोटारीच्या एसीत दर उन्हाळ्यात ‘गॅस’ का भरावा लागतो? तपासणी आणि रिचार्जची योग्य पद्धत कोणती?

उन्हाचा पारा चढू लागला की एसी मेकॅनिकच्या दुकानांसमोर जुन्या मोटारींची रांग लागते. ‘गार हवा येत नाही’ ही तक्रार आणि ‘गॅस कमी झालाय, टॉपअप करून देतो’ हे उत्तर, दोन्ही ठरलेली. अर्ध्या तासात हवा पुन्हा गार होते, पैसे दिले जातात आणि पुढच्या उन्हाळ्यात तीच गाडी त्याच रांगेत उभी असते. पेट्रोल जसे वापराने संपते, तसा एसीचा गॅसही संपत असावा, असा समज यामागे असतो. हा समज चुकीचा आहे आणि तो गाडीमालकाला महागात पडतो. गॅस कमी झाला असेल तर तो कुठून तरी बाहेर गेलेला असतो. ती जागा शोधल्याशिवाय केलेले टॉपअप म्हणजे फुटक्या टाकीत पाणी भरणे. गॅसची तपासणी कशी होते, गेजवरचा आकडा काय सांगतो आणि रिचार्ज करताना कोणती काळजी घ्यावी, याविषयी…

एसीतील गॅस वापराने संपतो का?

नाही. माठातले पाणी गार का होते, हे आठवले की एसीचे काम समजते. माठातून झिरपलेल्या पाण्याची वाफ होते आणि ती होताना पाण्यातली उष्णता घेऊन जाते. एसीतही हेच घडते. फक्त पाण्याऐवजी तिथे अत्यंत कमी तापमानाला उकळणारे शीतक असते. आज भारतातील बहुसंख्य मोटारींमध्ये असलेले आर-१३४ए हे शीतक वातावरणीय दाबाला उणे २६ अंश सेल्सिअसला उकळते. डॅशबोर्डमागच्या कूलिंग कॉइलमध्ये या शीतकाची वाफ होते आणि ती होताना गाडीतील हवेची उष्णता शोषली जाते.

माठातली वाफ हवेत निघून जाते, म्हणून माठ पुन्हा भरावा लागतो. मोटारीच्या एसीत मात्र ही वाफ बंद नळ्यांतच राहते. इंजिनावर चालणारा कॉम्प्रेसर ती दाबतो, रेडिएटरच्या पुढे बसवलेल्या कंडेन्सरमध्ये ती उष्णता बाहेर टाकून पुन्हा द्रव होते आणि एक्स्पान्शन व्हॉल्व्हमधून कूलिंग कॉइलकडे परत जाते. तेच शीतक वर्षानुवर्षे फिरत राहते. घरातला फ्रिज दहा-पंधरा वर्षे गॅस न भरता चालतो, तो याच तत्त्वावर.

मग मोटारीतच तो कमी का होतो?

फ्रिजचे नळीजोड वितळजोडाने कायमचे बंद केलेले असतात. मोटारीत तसे करता येत नाही. कॉम्प्रेसर इंजिनाबरोबर थरथरतो, म्हणून त्याला रबरी नळ्या जोडाव्या लागतात. प्रत्येक जोडावर रबराची ओ-रिंग असते. अनेक गाड्यांत कॉम्प्रेसरचा फिरता दांडा पट्ट्याने चालतो, त्यामुळे तिथेही सील लागते. रबरातून आणि सिलांतून अगदी थोडा गॅस सतत झिरपत असतो. युरोपीय महासंघाच्या २००६ च्या निर्देशानुसार, एका कूलिंग कॉइलच्या यंत्रणेतून आर-१३४ए सारख्या शीतकाची गळती वर्षाला ४० ग्रॅमपेक्षा अधिक होता कामा नये. लहान मोटारींत एकूण शीतक साधारण ३०० ते ६०० ग्रॅम असते. म्हणजे चार-सहा वर्षांनी एसी थोडा मंदावला, तर त्यात काही जगावेगळे नाही.

दर वर्षी किंवा दर सहा महिन्यांनी गॅस भरावा लागत असेल, तर मात्र ते झिरपणे नसून गळती आहे. जुन्या गाडीत तिच्या जागा ठरलेल्या असतात. कडक झालेल्या ओ-रिंग, कॉम्प्रेसरच्या दांड्याचे सील, दगड-खडी लागून चेपलेला कंडेन्सर, घासून झिजलेल्या नळ्या, गॅस भरण्याच्या तोंडातील छोटा व्हॉल्व्ह आणि धूळ-ओलाव्याने गंजून छिद्र पडलेले कूलिंग कॉइल या त्या जागा. किनारपट्टीवर खाऱ्या हवेने ॲल्युमिनियमचे भाग अधिक लवकर खराब होतात. गाडी महिनोन् महिने उभी राहिली, तर तेल न फिरल्याने सील सुकते आणि तिथून गळती सुरू होते. म्हणूनच थंडीतही आठवड्यातून एकदा काही मिनिटे एसी चालवावा, असे सांगितले जाते.

गार हवा आली नाही म्हणजे गॅसच कमी झाला का?

अनेकदा नाही. गेज लावण्याआधी काही गोष्टी घरीच पाहता येतात. हवेचा झोतच कमी असेल, तर केबिन फिल्टर धुळीने भरलेला असू शकतो. झोत जोरदार पण कोमट असेल, तर बोनेट उघडून एसी सुरू केल्यावर कॉम्प्रेसरचा क्लच ‘टक्’ आवाज करून फिरू लागतो का आणि कंडेन्सरचा पंखा चालू होतो का, ते पाहावे. हे करताना सैल कपडे, ओढणी आणि हात पट्ट्यापासून व पंख्यापासून दूर ठेवावेत. पंखा अचानक सुरू होतो.

हमरस्त्यावर एसी उत्तम चालतो आणि सिग्नलला थांबल्यावर कोमट होतो, अशी तक्रार असेल तर संशय आधी पंख्यावर आणि कंडेन्सरवर घ्यावा. गाडी धावताना कंडेन्सरला वारा मिळतो, थांबल्यावर फक्त पंख्याचा आधार उरतो. कंडेन्सरच्या पात्यांत चिखल, किडे आणि धूळ अडकली असेल, तर उष्णता बाहेर पडत नाही. एक साधी चाचणी आहे. एसी चालू ठेवून कंडेन्सरवर समोरून पाण्याची हलकी फवारणी करावी. हवा लगेच गार झाली, तर अडचण बहुधा कंडेन्सरच्या स्वच्छतेची किंवा पंख्याची असते.

गॅस कमी असल्याची खूण वेगळी असते. क्लच काही सेकंदांत पुन्हा पुन्हा लागतो आणि सुटतो. कूलिंग कॉइलकडून कॉम्प्रेसरकडे येणारी जाड नळी एरवी गार असते, तिच्यावर दवासारखे थेंब जमतात. गॅस कमी झाल्यावर ती गार होत नाही. एखाद्या जोडावर तेलकट डाग आणि त्यावर चिकटलेली धूळ दिसली, तर गळती तिथेच असण्याची शक्यता मोठी. शीतकाबरोबर कॉम्प्रेसरचे तेलही फिरत असते आणि गॅस जाताना तेलाचा माग ठेवून जातो. गाडीखाली टपकणारे स्वच्छ पाणी मात्र गळती नव्हे. ती हवेतली आर्द्रता आहे आणि ती टपकणे हे एसी काम करत असल्याचे लक्षण आहे.

गेजवरचा दाब पाहून गॅस किती आहे, हे कळते का?

येथेच सर्वाधिक गल्लत होते. स्वयंपाकाच्या गॅसचे सिलिंडर डोळ्यांसमोर आणा. ते भरलेले असो की पाव उरलेले, शेगडीची ज्योत सारखीच जळते. आत द्रव शिल्लक असेपर्यंत दाब तापमानावर ठरतो, उरलेल्या गॅसच्या प्रमाणावर नाही. म्हणून सिलिंडर पूर्ण भरलेले आहे की नाही, हे पाहायचे तर ते काट्यावर वजन करूनच घ्यावे लागते. एसीचेही तेच.

गाडी काही तास सावलीत बंद उभी असताना गेज लावले, तर आर-१३४ए चा दाब त्या तापमानाप्रमाणे दिसतो. २५ अंशांना साधारण ८२ पीएसआय, ३० अंशांना ९७, ३५ अंशांना ११४ आणि ४० अंशांना १३३. ३० अंश तापमानात ९७ च्या आसपास आकडा आला, तर आत थोडे तरी द्रव शीतक आहे इतकेच कळते. ते शंभर ग्रॅम आहे की चारशे, हे तो आकडा सांगत नाही. आकडा ४० वर असेल, तर यंत्रणा जवळपास रिकामी आहे. आणि तो १३० वर असेल, तर आत हवा शिरली आहे किंवा भलताच गॅस भरलेला आहे. बंद गाडीवर गेज लावून ‘प्रेशर बरोबर आहे, म्हणजे गॅस फुल आहे’ असे कोणी सांगितले, तर ते निदान अपुरे आहे.

चालू एसीत दोन काटे काय सांगतात?

गेजच्या संचात निळा काटा कमी दाबाच्या बाजूचा आणि लाल काटा जास्त दाबाच्या बाजूचा असतो. इंजिन साधारण १५०० फेऱ्यांवर, एसी सर्वांत थंड खुणेवर, पंखा पूर्ण वेगात आणि दरवाजे उघडे ठेवून हे वाचन घेतात. ३५ अंशांच्या आसपासच्या दिवशी निरोगी आर-१३४ए यंत्रणेत निळा काटा साधारण ३० ते ४५ आणि लाल काटा १८० ते २५० पीएसआयच्या दरम्यान असतो. बाहेरचे तापमान वाढले की दोन्ही वर सरकतात. म्हणून एप्रिलमध्ये नागपुरातला आकडा आणि जानेवारीत नाशिकमधला आकडा सारखा असण्याची अपेक्षा चुकीची ठरते.

दोन्ही काटे खाली असतील, तर बहुधा गॅस कमी आहे. दोन्ही वर असतील, तर गॅस जास्त झाला आहे, आत हवा आहे किंवा कंडेन्सरला वारा मिळत नाही. निळा वर आणि लाल खाली असेल, तर कॉम्प्रेसर नीट दाब देत नाही. निळा शून्याच्याही खाली जात असेल, तर एक्स्पान्शन व्हॉल्व्ह किंवा ड्रायर तुंबल्याचा संशय घ्यावा. यांपैकी फक्त पहिल्या प्रकारात गॅस भरण्याचा उपयोग आहे. बाकीच्या बिघाडांत गॅस भरल्याने नुकसान वाढू शकते.

जुन्या अनेक गाड्यांत ड्रायरच्या डोक्यावर काचेची छोटी खिडकी असते. तिच्यातून बुडबुडे दिसले की गॅस कमी, अशी जुनी पारख होती. आर-१२ च्या काळात ती बऱ्यापैकी चालत असे. आर-१३४ए मध्ये ती भरवशाची नाही. शिवाय काच स्वच्छ दिसते ती यंत्रणा पूर्ण भरलेली असल्यावर, तशीच ती पूर्ण रिकामी असल्यावरही.

गळती शोधण्याच्या पद्धती कोणत्या?

मोठी गळती साबणाच्या फेसानेही दिसते. लहान गळतीसाठी इलेक्ट्रॉनिक डिटेक्टर असतो. आर-१३४ए हवेपेक्षा जड असल्याने त्याचे टोक जोडाच्या खालच्या बाजूने फिरवावे लागते. तिसरी पद्धत रंगद्रव्याची. तेलाबरोबर अतिनील प्रकाशात चमकणारे द्रव्य सोडतात आणि काही दिवस गाडी चालवल्यावर विशिष्ट टॉर्चने जोड तपासतात. कूलिंग कॉइल डॅशबोर्डमागे दडलेले असल्याने तिथली गळती अनेकदा शेवटी सापडते. ते पाणी जिथून बाहेर टपकते, त्या नळीच्या तोंडाशी डिटेक्टर धरून अंदाज घेता येतो.

यंत्रणा रिकामी असेल, तर कोरड्या नायट्रोजनचा दाब देऊन तपासणी करतात. टायरमध्ये भरायची हवा किंवा ऑक्सिजन यासाठी कधीही वापरू नये. हवेबरोबर ओलावा आत जातो आणि ऑक्सिजन व तेल दाबाखाली एकत्र आले तर स्फोट होऊ शकतो.

गॅस भरण्याची योग्य पद्धत कोणती?

पहिली पायरी म्हणजे उरलेला गॅस हवेत न सोडता रिकव्हरी यंत्रात काढून घेणे. यंत्रावर त्याचे वजन दिसते आणि आत खरोखर किती गॅस होता, हे तिथेच प्रथम कळते. दुसरी पायरी गळती दुरुस्त करण्याची. यंत्रणा उघडली की ड्रायर बदलणे हिताचे, कारण त्यातील ओलावा शोषणारे द्रव्य उघड्या हवेत लवकर निकामी होते.

तिसरी पायरी व्हॅक्यूम. पंप लावून किमान अर्धा तास, आणि यंत्रणा बराच काळ उघडी राहिली असेल तर त्याहून अधिक वेळ, आतली हवा ओढून घेतात. दाब अत्यंत कमी झाला की आत अडकलेले पाणी साध्या तापमानालाच उकळते आणि वाफ होऊन निघून जाते. हा ओलावा राहिला, तर व्हॉल्व्हच्या बारीक तोंडाशी त्याचा बर्फ होतो. कालांतराने शीतक आणि तेलाशी संयोग होऊन आम्लही तयार होते आणि ते आतून धातू खाते. पाच मिनिटे पंप लावून ‘व्हॅक्यूम झाला’ म्हणणे म्हणूनच चालत नाही. पंप बंद केल्यावर दहा-पंधरा मिनिटे काटा स्थिर राहतो का, हेही पाहतात. मात्र तो स्थिर राहिला म्हणजे गळती नाहीच, असे ठामपणे म्हणता येत नाही. व्हॅक्यूममध्ये बाहेरून आत जेमतेम १५ पीएसआयचा दाब असतो, तर चालू एसीत आतून बाहेर दोनशेपर्यंत.

चौथी पायरी वजनाने गॅस भरण्याची. बोनेटखालच्या पट्टीवर शीतकाचा प्रकार आणि ग्रॅममधील प्रमाण छापलेले असते. पट्टी निघून गेली असेल, तर गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमध्ये ते मिळते. सिलिंडर वजनकाट्यावर ठेवून नेमका तेवढाच गॅस सोडतात. गळतीबरोबर गेलेले तेलही उत्पादकाने सांगितलेल्या प्रकाराचे आणि मापाचे घालावे लागते. शेवटी मधल्या झरोक्यात थर्मामीटर ठेवून तापमान नोंदवतात.

या तुलनेत टॉपअपमध्ये आधी किती गॅस आहे हे ठाऊक नसते, किती गेला हे ठाऊक नसते आणि भरायचा किती, हे काट्याकडे पाहून ठरते. ४०० ग्रॅमच्या यंत्रणेत ६० ग्रॅमचा फरक म्हणजे १५ टक्के. जुन्या गाड्यांच्या मोठ्या यंत्रणा अशी चूक काही प्रमाणात पोटात घालत. अलीकडच्या छोट्या यंत्रणांत तेवढी जागा नसते.

थोडा कमी-जास्त झाला तर काय बिघडते?

शीतक जास्त झाले, तर ते कंडेन्सरमध्ये साचून उष्णता बाहेर टाकण्याची जागा कमी होते. दाब वाढतो, हवा उलट कोमट होते, इंजिनावर भार येतो. वाफेऐवजी द्रव कॉम्प्रेसरमध्ये शिरला, तर त्याचे आतले भाग तुटू शकतात, कारण द्रव दाबला जात नाही.

शीतक कमी असेल, तर त्याच्या प्रवाहाबरोबर फिरणारे तेल कॉम्प्रेसरपर्यंत पुरेसे परत येत नाही. कॉम्प्रेसर कोरडा फिरून जाम होतो. हे टाळण्यासाठी दाब फार कमी झाला की क्लच सोडणारा स्विच असतो. काही ठिकाणी एसी ‘चालू’ करून देण्यासाठी हा स्विच वायर जोडून ‘डायरेक्ट’ करतात. काही दिवसांच्या गारव्यासाठी कॉम्प्रेसर पणाला लावण्याचा हा प्रकार आहे. कॉम्प्रेसर आतून झिजला, तर धातूचा चुरा सर्व नळ्यांत पसरतो आणि दुरुस्तीचा खर्च कित्येक पटींनी वाढतो.

कॅन विकत आणून घरीच गॅस भरावा का?

बाजारात आर-१३४ए चे छोटे कॅन आणि नळी सहज मिळतात. तरीही तसे करणे टाळलेलेच बरे. कॅनच्या नळीवरचे गेज केवळ कमी दाबाची बाजू दाखवते आणि वर सांगितल्याप्रमाणे त्यावरून प्रमाण कळत नाही. नळीतील हवा आधी बाहेर काढली नाही, तर ती थेट यंत्रणेत जाते. कॅन चुकून जास्त दाबाच्या बाजूला जोडला, तर उलटा दाब येऊन तो फुटू शकतो. आर-१३४ए च्या गाड्यांत दोन्ही तोंडांचा आकार मुद्दाम वेगळा ठेवलेला असतो, तो याचसाठी. तो बदलून जोडण्याचा खटाटोप कधीही करू नये. द्रव शीतक त्वचेवर किंवा डोळ्यात गेले, तर क्षणात हिमदंश होतो. त्यामुळे चष्मा आणि हातमोजे अपरिहार्य. कॅन गरम करण्यासाठी ज्योत वापरू नये. बंद खोलीत हे काम करू नये, कारण ज्योतीच्या संपर्कात शीतकाचे विषारी वायूंत विघटन होते.

‘गळती बंद करणारे’ द्रव्य मिसळलेले कॅनही मिळतात. ते व्हॉल्व्हमध्ये आणि पुढे रिकव्हरी यंत्रातही घट्ट होऊन बसू शकते. असे द्रव्य घातले असेल, तर मेकॅनिकला आधीच सांगावे.

आर-१२ वर चालणाऱ्या जुन्या गाड्यांचे काय?

विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंतच्या अनेक मोटारींत आर-१२ हे सीएफसी गटातील शीतक होते. मारिओ मोलिना आणि शेरवूड रोलँड यांनी १९७४ मध्ये सीएफसीमुळे ओझोनच्या थराला धोका असल्याचे दाखवले. १९८७ मध्ये मॉन्ट्रियल करार झाला आणि १९९२ मध्ये भारत त्यात सहभागी झाला. देशात १ जानेवारी २००३ पासून नव्या उपकरणांत सीएफसी वापरण्यास बंदी आली. १ ऑगस्ट २००८ पासून दम्याच्या इन्हेलरसारखा अपवाद वगळता त्यांचे उत्पादनही थांबले. त्यामुळे हौसेने जपलेल्या जुन्या गाडीत आर-१२ भरून देतो असे कोणी म्हणाले, तर तो गॅस कुठून आला, हे विचारायला हवे.

अशा गाडीत थेट आर-१३४ए सोडणे योग्य नाही. आर-१२ बरोबर खनिज तेल वापरले जाते आणि ते आर-१३४ए मध्ये नीट मिसळत नाही. परिणामी तेल फिरत नाही आणि कॉम्प्रेसर निकामी होतो. योग्य रूपांतरात जुना गॅस व तेल काढणे, सुसंगत तेल भरणे, ओ-रिंग आणि ड्रायर बदलणे, तोंडांवर नवी जोडणी बसवणे आणि प्रकार बदलल्याची पट्टी लावणे या गोष्टी येतात. नवा गॅस मूळ आर-१२ च्या वजनाच्या साधारण ८० ते ९० टक्के भरतात. जुना कंडेन्सर आर-१३४ए साठी अपुरा पडत असल्याने गर्दीत गारवा किंचित कमी मिळतो, हे गृहीत धरावे लागते.

स्वस्त किंवा बनावट गॅसचा धोका किती?

घरगुती एसीतील आर-२२ मोटारीत भरण्याचा जुगाड काही ठिकाणी होतो. ४० अंशांना आर-१३४ए चा दाब १३३ पीएसआय असतो, तर आर-२२ चा दोनशेच्या वर. मोटारीच्या नळ्या आणि सील त्यासाठी बनवलेले नसतात. एलपीजीसारख्या ज्वलनशील वायूंची मिश्रणेही ‘जास्त गार करणारा गॅस’ म्हणून खपवली जातात. ती गार करतात हे खरे, पण कूलिंग कॉइल गळले तर तो वायू थेट प्रवाशांच्या केबिनमध्ये येतो. तिथे एक ठिणगी पुरे.

बनावट शीतकाचा परिणाम किती भीषण असू शकतो, हे २०११ मध्ये दिसले. व्हिएतनाममध्ये देखभाल झालेल्या शीतकंटेनरांच्या यंत्रणांत स्फोट होऊन कामगारांचे बळी गेले. आर-१३४ए म्हणून भरलेल्या गॅसमध्ये मिथिल क्लोराइडची भेसळ होती. त्याची ॲल्युमिनियमशी प्रक्रिया होऊन हवेच्या संपर्कात येताच पेट घेणारे संयुग तयार झाले होते. मोटारीच्या एसीतही ॲल्युमिनियमच असते. म्हणून सीलबंद, नाव व बॅच क्रमांक असलेला सिलिंडर डोळ्यांसमोर उघडून घेण्याचा आग्रह धरावा.

याचा हवामानाशी काय संबंध?

आर-१३४ए ओझोनला धक्का लावत नाही. पण शंभर वर्षांच्या कालावधीचा विचार करता एक किलो आर-१३४ए साधारण १,४३० किलो कार्बन डायऑक्साइडइतकी उष्णता धरून ठेवतो. ४०० ग्रॅम गॅस हवेत गेला, तर तो सुमारे ५७० किलो कार्बन डायऑक्साइडच्या बरोबरीचा होतो. एक लिटर पेट्रोल जळून साधारण २.३ किलो कार्बन डायऑक्साइड तयार होतो. म्हणजे हे अडीचशे लिटर पेट्रोल जाळण्यासारखे आहे. लिटरला १५ किलोमीटर धावणाऱ्या गाडीने मुंबई-पुणे अंतर जवळपास पंचवीस वेळा कापावे, इतके. दर उन्हाळ्याचे टॉपअप वाटते तितके किरकोळ नाही, ते यामुळे.

२०१६ च्या किगाली दुरुस्तीनुसार अशा शीतकांचा वापर टप्प्याटप्प्याने कमी करायचा आहे. भारताने २०२१ मध्ये तिला मान्यता दिली. त्यानुसार २०२८ पासून वापर गोठवायचा, २०३२ पासून कपात सुरू करायची आणि २०४७ पर्यंत ती ८५ टक्क्यांवर न्यायची, असे वेळापत्रक आहे. युरोपात २०१७ पासून सर्व नव्या मोटारींत आर-१३४ए ला मज्जाव असून तिथे प्रामुख्याने आर-१२३४वायएफ वापरले जाते. काही नव्या गाड्यांतून ते भारतातही आले आहे. हे शीतक सौम्य ज्वलनशील आहे आणि आर-१३४ए मध्ये ते कधीही मिसळू नये.

दुरुस्ती करावी की टॉपअपवर भागवावे?

याचे उत्तर गळतीच्या वेगावर ठरते. चार-पाच वर्षांनी प्रथमच गारवा कमी झाला असेल आणि तपासणीत गळती सापडत नसेल, तर उरलेला गॅस काढून, व्हॅक्यूम करून, वजनाने पुन्हा भरणे पुरेसे आहे. गॅस एका हंगामात जात असेल, तर दुरुस्तीला पर्याय नाही. ओ-रिंग किंवा भरण्याच्या तोंडातील व्हॉल्व्ह बदलणे हे किरकोळ काम आहे. नळी आणि कंडेन्सर त्यानंतर येतात. कूलिंग कॉइलसाठी डॅशबोर्ड उतरवावा लागतो, त्यामुळे तिथे मजुरीच जास्त होते. १५ वर्षांनंतर पुनर्नोंदणी करून गाडी आणखी पाच वर्षे चालवायची असेल, तर हा खर्च पाच उन्हाळ्यांच्या टॉपअपशी आणि संभाव्य कॉम्प्रेसरच्या किमतीशी ताडून पाहावा. गाडी वर्षभरात विकायची असेल, तर हिशेब वेगळा.

कोणताही पर्याय निवडला, तरी गॅरेजमध्ये काही प्रश्न विचारायलाच हवेत. आतून किती ग्रॅम गॅस निघाला? गळती कुठे सापडली? व्हॅक्यूम किती वेळ धरला? कोणता गॅस आणि किती ग्रॅम भरला? तेल कोणते व किती घातले? झरोक्यातले तापमान किती आले? ही उत्तरे बिलावर लिहून घ्यावीत. पुढच्या वेळी गॅस कमी झाला, तर किती महिन्यांत किती ग्रॅम गेला, हे त्या कागदावरून कळेल आणि मेकॅनिकला अंदाजाने सुरुवात करावी लागणार नाही.